न घासलेली भिंत

"बाबा, पॉलिश पेपर मारायचा राहिला," लेक हळूच म्हणाली.

म्हाताऱ्या रंगाऱ्यानं ऐकून न ऐकल्यासारखं केलं आणि पांढऱ्या रंगात रोलर बुडवला.

लेकीनं भिंतीवरून हात फिरवून बघितला. भिंतीला ऑइल प्रायमर, त्यावर ऑइल पेंटनंच काढलेलं झाड, झाडाखाली एक बाई आणि एक छोटी मुलगी. सगळं गुळगुळीत, चकचकीत. अशा भिंतीला न घासता पाण्याचा रंग दिला तर तो नुसता वर बसतो, धरत नाही. हे तिला बाबांनीच शिकवलं होतं, तेही चांगला कान पिळून. चाळीस वर्षांत त्यांच्या हातच्या भिंतीचा एक पोपडा निघाला नव्हता.

पण हल्ली बाबांचं काही खरं नव्हतं. परवा टर्पेंटाइनचा डबा उघडाच टाकून आले. काल तिला आत्याच्या नावानं हाक मारली. आणि आज हे. आता बोला. यांच्या हातातून ब्रश काढून घ्यायचा तरी कुणी आणि कोणत्या तोंडानं?

घरमालक दारात आला. भिंतीकडे न बघताच म्हणाला, "संध्याकाळपर्यंत होईल ना? बायकोनं काढलं होतं ते. ती गेल्यापासून मला या खोलीत पाऊल टाकवत नाही."

"होईल साहेब," बाबा म्हणाले.

मालकाची सात-आठ वर्षांची मुलगी सकाळपासून उंबऱ्यावर बसून होती. भिंतीवरून तिची नजर हलत नव्हती.

दुपारी रंगाचा दुसरा हात वाळला. बाबा हात धुवायला गेलेले बघून लेकीनं खालच्या कोपऱ्यात चिकटपट्टी दाबली आणि ओढली. वीतभर रंग सोलून हातात आला. खालचं हिरवं गवत जसंच्या तसं. तिला रडू यायचं तेवढं बाकी राहिलं.

वळून बघते तर बाबा मागेच उभे.

"बाबा, अजून वेळ आहे. मी सगळं खरवडते, मालकांना काय सांगायचं ते मी सांगते. पण यापुढे तुम्ही घरी बसायचं."

बाबांनी तेवढा कोपरा पुन्हा रंगवला. मग हात पुढे केला. "ती पट्टी दे इकडे."

गुडघे धरत ते उंबऱ्यावर मुलीशेजारी बसले. पट्टीचं रीळ त्यांनी तिच्या मुठीत दिलं.

"पप्पांचं मन जरा सावरू दे," ते तिला हळूच म्हणाले. "मग त्या कोपऱ्यापासून ओढत जा. आई आत आहे तशीच आहे."