एस. के. एंटरप्रायझेस, उल्हासनगर

"म्हणजे हा खर्च तुमचा नाही?" बँकेतल्या मुलीने विचारलं.

"नाहीच आमचा," मालिनीताई म्हणाल्या. "एस. के. एंटरप्रायझेस, उल्हासनगर. सहा हजार दोनशे. या नावाचं दुकान मी ऐकलेलंही नाही. आणि कार्ड ज्यांच्या नावावर आहे, ते माझे मिस्टर दोन वर्षं अंथरुणातून उठलेले नाहीत."

मुलीने काँप्युटरवर पाहिलं. "कार्डाचा नंबर, तारीख, मागचे तीन आकडे, सगळं बरोबर भरलंय मॅडम. ओटीपीसुद्धा. तो सरांच्याच मोबाइलवर गेलाय. मोबाइल कोणाकडे असतो?"

मालिनीताईंच्या डोळ्यांसमोर घर आलं.

झटका आल्यापासून शरदचंद्रांची वाचा गेली होती आणि उजवी बाजूही. डोळे छताला लागलेले. डॉक्टरांनी स्पष्टच सांगितलं होतं, आता त्यांना काही कळत नाही, फार आशा धरू नका. जुनी गाणी लावली की चेहरा शांत वाटायचा, म्हणून काशी रोज सकाळी मोबाइलवर गाणी लावून तो त्यांच्या डाव्या हाताशी ठेवायची. काशी चामटोलीहून यायची. त्यांना पुसून घ्यायचं, कूस बदलायची, कपडे धुवायचे, सगळं तीच बघायची. कार्ड कपाटात होतं. आणि कपाट आवरायलाही काशीच उघडायची.

"आधी दुकानात जाऊन विचारा," मुलगी म्हणाली. "कधी कधी पाटीवर एक नाव असतं, स्टेटमेंटवर दुसरं. घरातल्याच कोणी केलं असेल तर मग पोलिसांत तक्रार द्यावी लागेल."

तिने पत्ता लिहून दिला.

दुसऱ्या दिवशी सकाळी काशी शरदचंद्रांची हनुवटी पुसत होती. मालिनीताई पलंगाच्या पायथ्याशी उभ्या राहिल्या.

"काशी, साहेबांचं कार्ड कोणी वापरलं?"

"कसला कार्ड, वहिनी?"

"उल्हासनगरच्या दुकानात पैसे गेलेत. मोबाइल तुझ्याच हातात असतो."

काशीने रुमालाची घडी घातली. "मी गानी लावून ठेवतंय फकस्त."

"मग चल माझ्याबरोबर. दुकानदाराने तुला ओळखलं तर तिथूनच पोलीस चौकीत जाऊ."

"चला," काशी म्हणाली. "पन दादा एकले र्‍हातील."

"दीड तासाचा प्रश्न आहे. त्यांना काय कळतंय?"

गाणी चालूच होती. मालिनीताईंनी दाराला बाहेरून कुलूप लावलं.

अंबरनाथहून उल्हासनगरपर्यंत रिक्षाच्या प्रत्येक धक्क्याला मालिनीताईंचा हात दुखऱ्या कमरेवर जात होता. दोन वर्षांत काशीने एक दिवस खाडा केला नव्हता. हे आठवलं की मालिनीताईंचा संताप अधिकच वाढत होता.

फर्निचर बाजारात पत्त्यावरचा गाळा सापडला आणि त्या थबकल्या. पाटीवर 'न्यू लकी फर्निचर' होतं. दुकान ओळखीचं निघालं. पंधरा वर्षांपूर्वी दिवाणखान्यातला सोफा इथूनच घेतला होता. शरदचंद्र तेव्हा कारखान्यात स्टोअर्स ऑफिसर होते, हजारभर मालाचे नंबर तोंडपाठ असणारा, एकदा पाहिलेला आकडा कधी न विसरणारा माणूस. तासभर घासाघीस केली होती त्यांनी.

"एस. के. हमाराच नाव आहे, बिलावरचं," म्हातारा सिंधी दुकानदार म्हणाला. त्याने वही उघडली. "हां. फोल्डिंगचा पलंग, गादीसकट. सोमवारी अकरा वाजता डिलिव्हरी, अंबरनाथ." आणि त्याने मालिनीताईंच्याच घरचा पत्ता वाचून दाखवला.

दर सोमवारी अकराला त्या भाजीबाजारात असायच्या. घरी फक्त काशी.

"याच बाईने ऑर्डर दिली ना?"

दुकानदाराने काशीकडे नीट पाहिलं. "नाही मॅडम. यांना पहिल्यांदा बघतोय. ऑर्डर मोबाइलवर आली. ते साहेब बात नहीं करते. फोन केला तर उचलत नाहीत. सिर्फ लिहितात."

त्याने आपला मोबाइल पुढे केला. नंबर शरदचंद्रांचा होता. पहिल्या दिवशी नुसतं 'प'. दुसऱ्या दिवशी 'पपप'. मग 'पल'. "कोणी तरी टाइमपास करतंय वाटलं, ब्लॉक करणार होतो," दुकानदार म्हणाला. पाचव्या दिवशी 'पलंग'. मग 'फोल्डिंग'. मग 'गादी कडक द्या कंबर दुखते'. पैसे भरायला त्याने तीनदा लिंक पाठवली होती. शेवटी 'सोमवारी अकरा आधी नको'.

"तूच लिहिलंस ना हे?" मालिनीताईंनी विचारलं.

"मना लिवता आला असता वहिनी, तं लोकांची धुनी कशाला धुतली असती?" काशी शांतपणे म्हणाली.

"ये देखो," दुकानदार मध्येच म्हणाला. "साहेब आत्ता पण लिहितायत. तास होत आला, चालूच आहे."

मोबाइलच्या पडद्यावर नंबराखाली 'टायपिंग' असं उमटलं, नाहीसं झालं, पुन्हा उमटलं. काशी समोर उभी होती, दोन्ही हात रिकामे. घराची किल्ली मालिनीताईंच्या पर्समध्ये होती. घरात दुसरं कोणी नव्हतं.

दुकानदाराने पंखा बंद केला. का केला, त्यालाही सांगता आलं नसतं. तिघं त्या लहानशा पडद्यावर वाकले. काशीने नकळत मालिनीताईंचं मनगट धरलं आणि त्यांनी ते सोडवून घेतलं नाही. शब्द उमटत होता, विझत होता. मग बराच वेळ काहीच नाही.

मग मेसेज आला.

'मालू काशीने काही केलं नाही तू दोन वर्षं जमिनीवर झोपतेस मला सगळं ऐकू येतं'