जोडाशेजारची जागा

टेबलावरच्या पोलादाकडे चौघेही पाहत होते. सुनेत्राने जोडावरून तपासणीचे यंत्र दुसऱ्यांदा फिरवले. पडद्यावरची रेघ सरळच राहिली. आत कुठे भेग नव्हती, बुडबुडा नव्हता. चिलखती पोलादाच्या दोन जाड पट्ट्या अशा एकजीव झाल्या होत्या की आपण कधी दोन होतो हे त्यांनाही आठवू नये. मात्र जोडाशेजारी, जिथे जोडणाऱ्याच्या नंबराचा ठसा असायला हवा, ती जागा कोरी होती.

ठशाशिवाय तिला सही करता येत नव्हती आणि सहीशिवाय हा नमुना आज दक्षिणेला, रणगाडे बनवणाऱ्या कंपनीकडे जाणार नव्हता. ड्रेस्डेनच्या पूर्वेला असलेल्या या गावात पिढ्यानुपिढ्या रेल्वेचे डबे बांधले गेले. डब्यांचे काम संपले होते. आता रणगाड्यांचे सांगाडे मिळाले तर कारखाना राहणार होता, नाहीतर नाही.

"बाबा, ठसा राहिलाय," ती म्हणाली.

"राहिला नाही," योर्ग म्हणाले. "मारला नाही."

योर्ग तिचे सासरे. लग्नानंतर त्यांना नुसत्या नावाने हाक मारणे तिच्या जिभेला जमेना, म्हणून ती त्यांना बाबा म्हणू लागली. हळूहळू सगळी शेडच त्यांना बाबा म्हणू लागली. त्याचा अर्थ काय, हे कोणालाही विचारावेसे वाटले नाही.

"आल्झो, बरं मग, योर्ग," शेडची प्रमुख कात्रिन म्हणाली, "आधीचे दोन्ही नमुने रातोरात तडकले. टिकला तो तुझाच. आता हे काय नवीन?"

"तुम्ही जोडायला सांगितलंत, मी जोडलं. नाव द्यायचं कबूल केलं नव्हतं."

"बाबांचं फावडं जागं झालं!" मार्को हसला. तोही वेल्डरच, आणि तडकलेला दुसरा नमुना त्याचा होता.

ही थट्टा शेडमध्ये जुनी होती. पूर्व जर्मनीत सक्तीच्या लष्करी सेवेत जे बंदूक नाकारत, त्यांच्या हाती फावडे देत आणि खांद्यावरही फावड्याचीच खूण लावत. योर्गनी ती खूण वागवली, आणि तिच्यापायी विद्यापीठाचे दार बंद होऊन इंजिनिअर होणे कायमचे राहून गेले.

"तिकडे पूर्वेला युद्धात काय चाललंय ते रोज बघतोस ना?" कात्रिनचा आवाज खाली आला. "कोणीतरी हे करायलाच हवं."

"गेनाऊ, अगदी बरोबर," योर्ग म्हणाले. "म्हणून तर केलं."

सुनेत्राला काल सकाळचे योर्ग आठवले. पोलाद हलके हलके तापवत, आजाऱ्याच्या कपाळाशी न्यावा तसा तळहात त्याच्याजवळ नेत ते कितीतरी वेळ नुसते थांबले होते. घाई करणाऱ्या कात्रिनला त्यांनी हातानेच गप्प केले होते. मग मुखवटा खाली आला, आणि त्या निळ्या-पांढऱ्या उजेडामागे माणूस दिसेनासा झाला. राहिला तो फक्त हात, एकाच लयीत पुढे सरकणारा. इतक्या वर्षांत तिने शेकडो जोड तपासले होते. असा एकही नाही. शांत पाण्यावरून वाऱ्याने एकदाच बोट फिरवावे आणि पाणी तसेच थिजावे, तशा त्या लहरी.

"एवढंच ना?" मार्कोने खिशातून स्वतःचा ठसा काढला. "माझा मारतो. सुनेत्रा, तू जरा खिडकीबाहेर बघ."

"मार्को, तसं चालत नाही."

"मग डबे बांधत बसू या. कोणी मागितले तर!"

त्याने हातोडी उचलली. योर्गनी पुढे होऊन त्याचे मनगट धरले. जोराने नाही, रस्ता ओलांडताना लेकराचे धरावे तसे.

"मी नाकारलेली बंदूक काही कपाटात पडून राहिली नाही, मार्को," ते म्हणाले. "आमच्याच गल्लीतल्या एका पोराच्या हातात गेली. माझ्या वाटचं ओझं एकदा दुसऱ्यानं उचललं, तेवढं पुरे."

मार्कोने हातोडी त्यांना दिली. त्याचे हसू कुठे गेले ते त्यालाही कळले नाही.

योर्गनी एप्रनच्या खिशातून आपला ठसा काढला, वर्षानुवर्षांच्या पकडीने गुळगुळीत झालेला. चिलखती पोलाद ठसा घेत नाही. जोडाला लागून, त्याच्या टोकाशी, वितळून भरलेला धातू मऊ असतो; त्या कोऱ्या जागी त्यांनी तो टेकवला. एकच घाव. अंक स्वच्छ उमटला. सुनेत्राने त्यावरून अंगठा फिरवला आणि सही केली. देवळाच्या पायरीशी चपला काढताना वाटते तसे काहीतरी तिला वाटत होते.

कात्रिनने सुटकेचा निःश्वास सोडला. "आता पोरांना शिकवायला घे, योर्ग. तुझ्याशिवाय पुढचा एकही सांगाडा उभा राहायचा नाही."

योर्ग ग्राइंडरपाशी गेले. चाक सुरू केले आणि ठशाचे तोंड त्यावर धरले. ठिणग्या त्यांच्या मनगटावरून, बाहीवरून उसळत राहिल्या. त्यांनी हात हलवला नाही. तो अंक पुसट होत होत नाहीसा झाला. उरलेला गुळगुळीत तुकडा त्यांनी भंगाराच्या पेटीत टाकला, हातमोजे काढून एकावर एक नीट ठेवले.

"बाबा," सुनेत्रा म्हणाली, "उद्या येणार ना?"

"एवढा एक जोड माझा," ते म्हणाले, आवाजात राग नव्हता. "पुढचे नाहीत." मग ते वळले आणि शेडच्या उंच दारातून येणाऱ्या उजेडाकडे चालू लागले.

मागे ग्राइंडरचे चाक फिरतच होते. यंत्र चालू सोडून ते आजवर कधी गेले नव्हते.