दोघांनी मिळून पार करायची लेवल

कुशलचा फोटो जागेवर नव्हता.

मेघालीने फोन ओढणीला पुसला आणि पुन्हा पाहिलं. मोबाइलवरच्या त्या गेममध्ये जो ज्या लेवलपर्यंत पोचला, तिथे त्याचा फोटो दिसायचा. त्या वाकड्यातिकड्या रस्त्यावर, जिथे दोघंही अडून बसले होते त्या लेवलपाशी, नवराबायकोचे फोटो नेहमी शेजारी शेजारी असायचे. आता तिथे ती एकटीच होती. कुशल पार पुढे गेला होता. चांगल्या चार-पाच लेवल ओलांडून.

आणि मेघालीला रडू फुटलं. आनंदाचं! सकाळपासून शिरगावच्या किनाऱ्यावर नुसता आकांत चालला होता. अवकाळी वारा सुटला होता, दर्या खवळला होता. बाकीच्या बोटी परतल्या होत्या, बळवंत तांडेलाची तेवढी यायची होती. त्याच बोटीवर कुशल खलाशी म्हणून गेला होता. खोल दर्यात फोनला रेंज नसते, हे तिथलं शेंबडं पोरही सांगेल. फोटो हलला म्हणजे रेंज आली. रेंज आली म्हणजे बोट जवळ आली. माणूस जिवंत होता!

ती लेवल म्हणजे महाखाष्ट. बर्फात अडकलेली फळं सोडवायची, तीही मोजक्या चालींत. दोघांनी तिथे पुष्कळ डोकं आपटलं. शेवटी युक्ती सापडली ती मेघालीला. बोट सुटायच्या आदल्या संध्याकाळी तिने कुशलला समोर बसवून शिकवलं. "वरच्या फळांना हात नाय लावायचा. वर फोडलंस की सगळं भसाभसा खाली येतं नि चाली फुकट जातात. आदी तळाचा बर्फ फोड. एक बॉम्ब मिळाला तर लगेच उडवू नको. दुसरा त्याच्या बाजूला येईस्तोवर कळ काढ. दोन एकदम उडव, अख्खा पट साफ!"

"तू तर मास्तरीण झालीस गं," कुशल हसला. "पन मी येईस्तोवर पुढं जाऊ नको हां. दोगं मिळून जाऊ."

झालं! वेडीने व्रतच धरलं. रोज दुपारी ती लेवल जिंकायच्या बेताला आणायची आणि शेवटची चाल न खेळताच फोन ठेवून द्यायची. नवरा दर्यावर असताना बायकोने त्याच्या पुढे कसं जायचं? कुठल्या शास्त्रात लिहिलंय म्हणाल, तर कुठल्याच नाही. पण ज्या घरातलं माणूस दर्यावर असतं, तिथे असली शास्त्रं रोज नवी निघतात. एक तर यंदा तिच्या सासूनेच, जयवंतीने काढलं होतं. बोट निघताना घरच्या बाईने बंदरावर येऊ नये. मेघालीने तेही निमूटपणे पाळलं.

जयवंती मात्र बाई नव्हे, कातळ! किनाऱ्यावर बायका ऊर बडवत होत्या आणि ही मासळी वाळवायच्या बांबूच्या वलांडीवरचे अर्धे सुकलेले बोंबील उतरवत होती. मेघालीलाही तिने हलू दिलं नाही. "रडून बोट येते काय? हात चालव. एक सर आली तर सगळा माल कुजंल." पोटचा एकुलता एक मुलगा वादळात, आणि हिचा हात जरासुद्धा कापत नव्हता. धन्य ती माउली, असं मेघालीला वाटलं. आपणच कच्च्या दिलाच्या, म्हणून तिला लाजही वाटली. डहाणूच्या महालक्ष्मीला मनातल्या मनात नवस बोलत ती बोंबील टोपलीत भरत राहिली. मग राहवेना, तेव्हा नवऱ्याचं तोंड तरी दिसावं म्हणून तिने वलांडीआड जाऊन गेम उघडला होता.

आता टोपली तिथेच टाकून ती धावली. "आये, कुशल जिता हाय! रेंज आली त्यांना! हा बघ, फोटो पुढं गेला!"

जयवंतीच्या हातातले बोंबील खाली पडले. ते उचलायलाही ती वाकली नाही. "बंद कर तो फोन," ती म्हणाली. "आदी बंद कर."

मेघाली कुठली ऐकतेय! तिने कुशलला फोन लावला. रिंग गेली, आणि पलीकडून कापली. बोटीवर धांदल असेल बिचाऱ्याची, असं म्हणत ती किनाऱ्याकडे पळाली. तोवर बोट दिसलीच. बायकांनी एकच गलका केला. खलाशांपैकी बन्सी कमरेएवढ्या पाण्यात उतरला. ज्ञानेश उतरला. ज्याची त्याची बायको ज्याच्या त्याच्या गळ्यात पडली. सगळ्यांत शेवटी बळवंत उतरला आणि बोट रिकामी झाली.

"काका, कुशल?" मेघालीने विचारलं.

बळवंत जयवंतीचा धाकटा दीर. त्याने मेघालीकडे पाहिलंच नाही. तिच्या मागे येऊन उभ्या राहिलेल्या जयवंतीला तो म्हणाला, "वैनी, आता तरी सांग पोरीला. गनपतीपासून त्यानं बोटीवर पाय नाय ठेवला. बोईसरला खोली केलीय, एका बाईसंगती ऱ्हातो. बोट लागायच्या टायमाला रिक्षानं येतो नि आमच्यासंगती घरी शिरतो. आमी किती दिवस तोंडाला कुलूप घालायचं?"

बन्सीने मान खाली घातली. ज्ञानेशनेही. म्हणजे सगळ्या बोटीला ठाऊक होतं. तिने जीव लावून शिकवलेली युक्ती त्याने त्या खोलीत, त्या बाईशेजारी बसून खेळली होती. थांबायचं होतं ते फक्त मेघालीने. तिच्या अंगाची लाही लाही झाली. पण विचारायचं माणूस समोर एकच होतं.

"आये, तुला ठाव होतं? मी सकाळपासून मरतेय इथं. का नाय सांगितलंस?"

जयवंतीने एकदा आभाळाकडे पाहिलं, एकदा मागच्या वलांडीकडे.

"सांगितलं असतं तर तू म्हायेरी गेली असतीस," ती म्हणाली. "मग येवढा बोंबील कोन सुकवनार होतं?"