माझ्या नावाचं पत्र

"आज?" सुवर्णाने दारातूनच विचारलं. गाडीची किल्ली अजून तिच्या हातातच होती.

"विजेचं बिल, पिझ्झाची कुपनं आणि श्रीरंगच्या बँकेचं काहीतरी," शोभनामावशी म्हणाल्या. "तुझं नाही गं काही."

सुवर्णाने मान हलवली, हात धुतले आणि पाच महिन्यांच्या ज्ञानदाला उचलून घेतलं.

एप्रिलमध्ये तिने इंजिनियरच्या लायसन्सची परीक्षा तिसऱ्यांदा दिली होती. आठ तासांचा पेपर. पुस्तकं नेता येतात, म्हणून चाकांची अख्खी बॅग भरून पुस्तकं. दुपारच्या सुट्टीत पार्किंगमध्ये बसून ती ज्ञानदाला पाजत होती आणि श्रीरंग तिला सँडविच भरवत होता. हे मावशींनी फोनवर ऐकलेलं. त्या नागपूरहून सातासमुद्रापार शुगर लँडला आल्या जूनमध्ये, नात सांभाळायला. श्रीरंगची आई असती तर तीच आली असती. मावशींना लहानपणीच्या 'दुर्गे' या नावाने हाक मारणारी ही बहीणच काय ती उरली होती, तीही गेली. श्रीरंगच्या लग्नाला मात्र मावशींना जाता आलं नव्हतं. मावशींचे यजमान तेव्हा आयसीयूत होते.

"पाइपांची सगळी ड्रॉइंग्ज मी करते, मावशी," ज्ञानदाला थोपटत सुवर्णा म्हणाली. "आणि खाली शिक्का दुसऱ्याचा. हॉस्पिटलच्या ड्रेनेजचं काम आलंय. जुलैअखेर लायसन्स आलं तर ते माझं. नाहीतर डॅलसहून माणूस आणतायत. मग माझी जागाच उरत नाही."

"येईल पत्र. एकतीस वर्षं पोस्टात काढलीत मी. त्यांचा कारभार असा असतोच."

"लायसन्स बोर्डाचं पत्र आलं की लगेच फोन करा हं, मी मीटिंगमध्ये असले तरी."

"ते काय सांगायला हवं?"

टपाल आणणं हे मावशींचंच काम होतं. दुपारी तीनला, ज्ञानदाला टोपी घालून, बाबागाडी ढकलत त्या वळणावरच्या पेट्यांपर्यंत जात. काढलेल्या प्रत्येक पाकिटावरचं नाव आधी वाचत. जुनी सवय.

जूनअखेरीस कुठल्याशा दुकानाचा कॅटलॉग आला. वर नाव होतं नंदा. चुकून टाकला असेल, म्हणून त्यांनी तो रद्दीत घातला.

मग एका रविवारी गराजमध्ये धुतलेले कपडे आणायला गेल्या, तर श्रीरंग पाठमोरा उभा राहून फोनवर बोलत होता. आवाज अगदी हळू.

"अरे, नंदा रडते रे फार. मी रोज समजावतो, थोडे दिवस कळ काढ म्हणून... नाही, आता ठेवतो. मावशी झोपलीये आत, उगाच जागी व्हायची."

मावशी कपडे न घेताच परतल्या.

चार दिवसांनी पांढरं पाकीट आलं. कोपऱ्यात नुसता बॉक्स नंबर आणि ऑस्टिन. मधल्या पारदर्शक खिडकीत तेच नाव, आणि खाली याच घराचा पत्ता. कोण कुठली बाई, आणि तिने सुवर्णाच्या घराचा पत्ता आपला म्हणून द्यावा!

फाडावंसं वाटलं, पण हात धजेना. एकतीस वर्षांत त्यांनी कुणाचं पत्र फाडलं नव्हतं आणि अडवलंही नव्हतं. त्या दिवशी पहिल्यांदा अडवलं. स्वयंपाकघर आता त्यांच्याच ताब्यात होतं. पाकीट तांदळाच्या डब्यात तळाशी गेलं. आधी पोरीचा निकाल लागू दे, मग या लबाडाचे कान धरू.

महिनाअखेरच्या सोमवारी सुवर्णा चार वाजताच घरी आली आणि बूटही न काढता सोफ्यावर बसली. तिने बोलावलं म्हणून श्रीरंगही पाठोपाठ आला.

"बोर्डाला फोन केला," ती म्हणाली. "तीन आठवड्यांपूर्वीच पाठवलंय म्हणे. रिझल्ट फोनवर सांगत नाहीत. साहेबांना पाचपर्यंत कळवायचंय. मावशी, नक्की काही आलं नाही ना? माझ्या नावाचं?"

"ज्ञानदाची शपथ. तुझ्या नावाचं एक चिटोरंसुद्धा नाही."

सुवर्णाचा बांध फुटला. श्रीरंग तिच्या शेजारी बसला, पाठीवर हात ठेवून म्हणाला, "रडू नकोस. मी आहे ना."

हे 'मी आहे ना' मावशींना सोसलं नाही. त्या ताडकन आत गेल्या. डब्यात कोपरापर्यंत हात घातला आणि पाकीट घेऊन बाहेर आल्या. गालिच्यावर तांदूळ सांडत होते.

"काढ तो हात तिच्या पाठीवरून! सोन्यासारखी बायको रडतेय आणि तू गराजमधून नाटकं करतोस? कोण आहे ही नंदा? सांग हिच्यासमोर!"

श्रीरंग पाकिटावरचं नाव वाचायला पुढे वाकला.

सुवर्णाने डोळे पुसले, उठून मावशींच्या हातातलं पाकीट घेतलं आणि कडेने फाडलं. आतला कागद तिने एकदा वाचला. पुन्हा वाचला. मग मटकन तांदळातच बसली आणि हुंदके देऊन रडू लागली.

मावशी गुडघे सांभाळत खाली टेकल्या. तिला जवळ घेऊन म्हणाल्या, "नको गं बाळ. असल्या माणसापायी डोळे नको गाळूस. मी आहे तुझ्या बाजूने. कोण आहे ती, मी बघते तिच्याकडे."

"पास झाले," सुवर्णा त्यांच्या खांद्यात तोंड खुपसून म्हणाली. "मीच ती नंदा, मावशी. कागदोपत्री अजून माहेरचीच."