पहिल्या फुलाचा मान

अंजनगाव सुर्जीच्या पानमळ्यात आरतीनं हौसेनं लावलेल्या व्हॅनिलाच्या वेलीला तिसऱ्या वर्षी पहिलं फूल आलं. हे फूल एकच सकाळ टिकतं. तेवढ्यात हातानं पराग लावला नाही, तर शेंग धरत नाही. ते शिकवायला मेक्सिकोतल्या टोटोनॅक जमातीची एक म्हातारी खास व्हिडिओ कॉलवर बसली होती. ही वेल तिच्या लोकांनी पिढ्यान्‌पिढ्या जोपासलेली. आजी टोटोनॅक भाषेत बोलायची, तिची नात ते इंग्रजीत सांगायची.

आरतीनं फोन वेलीकडे वळवला. फूल नव्हतं.

"आई, इथलं फूल कुठं गेलं?"

"देवाले वाह्यलं," तिच्या सासूबाई, सुभद्राबाई, शांतपणे म्हणाल्या. "पयलं फूल होतं. अजून कोणाले देऊ मंग?"

आरतीला रडूच आलं. काय झालं ते तिनं कसंबसं सांगितलं. नातीनं ते आजीच्या कानावर घातलं, तर आजी पोट धरून हसत सुटली.

"आजी म्हणते, तिच्या सासूनंही पहिलं फूल देवापुढंच ठेवलं होतं. शेजारची कळी उद्या उमलेल. पराग लावायचं काम तुझ्या सासूलाच दे."

दुसऱ्या दिवशी उजाडताच आरती फोन घेऊन मळ्यात पोचली, तर सुभद्राबाई पराग उचलायला बाभळीचा काटा धुऊन वेलीजवळ बसलेल्या.

"मी कवाची वाट पाहून राह्यली," त्या म्हणाल्या. "त्या बाईले सांग, आज देवाले जास्वंद वाह्यली."