सतराव्या आवृत्तीची फलश्रुती

पुराणाच्या शेवटच्या अध्यायात हमी दिली होती: जो हे एकदा वाचेल, त्याच्या घरातलं दुखणं पळेल. मुद्रितशोधकाने ते सोळा आवृत्त्यांसाठी, दरवेळी तीनदा वाचलं होतं. सतराव्या आवृत्तीची प्रुफं आता मांडीवर होती. बायकोचं दुखणं मात्र खाटेवरून हललं नव्हतं, आणि डॉक्टरांनी कालच हात टेकले होते.

"अहो, मग आपल्यालाच कसं नाही लागू पडलं?" तिने विचारलं.

"आम्ही वाचत नाही गं. चुका शोधतो."

"मग आज एकदा नुसतं वाचा. माझ्यासाठी."

तो मोठ्याने वाचू लागला. दुसऱ्याच ओळीला थबकला.

"सापडली ना?" ती डोळे मिटूनच हसली. "करा दुरुस्त, सावकाश. मी कुठे पळून जातेय!"