तीन ठोके

"कान नीट टेकवा, मालक. दगडाच्या पोटातलं असंच ऐकतात," म्हणत तायव्वानं हातोडा उचलला.

गेल्या महिन्यात आभाळातून खाणीच्या तळाशी पडलेली ती मूर्ती ना माणसाची होती, ना जनावराची. दगड भरीव की पोकळ, हे ठोकून ऐकण्यात तायव्वाचा जन्म गेलेला. तिनं कान लावून एक ठोका दिला, तशी मूर्ती घुमली आणि नाद विरेपर्यंत तायव्वा त्याच जागी एक वर्ष मागच्या काळात जाऊन आली. दोन ठोक्यांना दोन वर्षं. तिथं कितीही ओरडलं तरी कुणाला ऐकू जात नव्हतं; घरंगळलेल्या दगडानं तिची टाच मात्र खरोखरच फुटली होती.

तिसरा ठोका तिनं आजच्यासाठी राखला होता. तीन वर्षांपूर्वी आजच, याच वेळी इथं सुरुंग उडाला होता. आधी इशाऱ्याची शिट्टी फुंकायचं काम तायव्वाचं. मालकानं तिच्या तोंडातली शिट्टी ओढून घेतली होती. तळाशी तिचा नवरा होता.

मालकानं मूर्तीला कान टेकवला, तसे तिनं मोजून तीन ठोके दिले. मूर्ती घुमली, मालक दिसेनासा झाला. नादातून त्याचा आवाज तेवढा येत राहिला.

"वात पेटवू नका! मी खाली आहे! शिट्टी फुंकू द्या तिला!"

मूर्तीवर हात ठेवला असता तर नाद थांबला असता, मालक परत आला असता. तायव्वानं दोन्ही हात पदराखाली घेतले.

नादातच, खाणीच्या काठावरून दुसरा आवाज आला. तोही मालकाचाच.

"कशाला वेळ घालवतेस गं? द्या रे बत्ती!"